ठाण्याचे डेव्हिड आणि सहकलाकाराचे मोजमाप

ठाण्यात राम गणेश गडकरी रंगायतन आहे, डॉ. काशिनाथ घाणेकर नाट्यगृह आहे. कल्याणला आचार्य अत्रे रंगमंदिर आणि डोंबिवलीला सावित्रीबाई फुले कलामंदिर. नाटककार, नायक, लेखक-संपादक आणि समाजसुधारक यांची ही नावे आहेत आणि ती उचितच आहेत. मात्र जन्मभर दुसऱ्या-तिसऱ्या क्रमांकाच्या भूमिका करणाऱ्या नटाचे नाव त्यांत नाही. असे नाव असायला हवे होते, हा विचारही आपल्याकडे सहसा होत नाही. वास्तविक त्या मापाचा एक नट ठाण्यातच जन्मला. डेव्हिड अब्राहम चेऊलकर हे त्याचे पूर्ण नाव. पडद्यावर तो नुसता डेव्हिड. चौल गावावरून आडनाव घेतलेला, मराठी बोलणाऱ्या बेने इस्रायली ज्यू समाजातला हा माणूस १९३७ ते १९८० अशी चाळीसहून अधिक वर्षे हिंदी चित्रपटांत काम करत राहिला आणि शंभरावर चित्रपट करून गेला.

त्याच्याविषयीचे प्रचलित मत दोन वाक्यांत सांगता येते. एक, रूप आणि उंची नसल्यामुळे त्याला नायक होता आले नाही, म्हणून तो चरित्र अभिनेता झाला. दोन, तो गोड होता, पण सगळीकडे तोच प्रेमळ, टकला काका होता. ही दोन्ही मते उथळ आहेत, असे माझे म्हणणे आहे. सहकलाकाराची कारकीर्द हा नायकपदाच्या खालचा मुक्काम नाही. तो निराळा पेशा आहे आणि त्याचे मोजमापही निराळे असले पाहिजे. नायकाची भूमिका सुटी काढून तपासता येते. सहकलाकाराचे काम मात्र त्याच्या सगळ्या भूमिका एकत्र मांडल्यावरच दिसते, कारण चित्रपटाला समाज पुरवणे हे त्याचे काम असते. नायकाभोवती घर, गल्ली, कचेरी, तुरुंग, शेजार उभा करायचा आणि तो दहा मिनिटांत खरा वाटायला लावायचा, हे त्याचे कसब. या मापाने पाहिले तर डेव्हिड पहिल्या रांगेत बसतात.

पहिली पायरी : अपयशाची कथा जुळत नाही

डेव्हिड पदवीधर होते, त्यांनी कायद्याचीही पदवी घेतली होती. पदवीनंतर त्यांची बरीच वर्षे नोकरी शोधण्यात गेली आणि १९३७ साली ‘झांबो’ या चित्रपटातून ते पडद्यावर आले. १९४१ च्या ‘नया संसार’मध्ये, बॉम्बे टॉकीजच्या वृत्तपत्रसृष्टीवरील चित्रपटात, ते आहेत, त्याची कथा ख्वाजा अहमद अब्बास यांची होती आणि पुढे अब्बास यांच्या स्वतःच्या चित्रपटांत डेव्हिड वारंवार दिसतात. या सगळ्या वाटचालीत नायक व्हायला निघालेला आणि मागे ढकलला गेलेला माणूस सापडत नाही. सुरुवातीपासून एकाच प्रकारचे काम पत्करलेला आणि ते वाढवत नेलेला माणूस सापडतो. चित्रपटाबाहेरही ते असेच वावरले. समारंभांचे सूत्रसंचालन, भारोत्तोलनाच्या खेळात पंच आणि संघटक म्हणून काम, ही सगळी चारचौघांत उभे राहून व्यवहार चालता ठेवणाऱ्या माणसाची कामे आहेत.

अपयशाची कथा एवढी सहज का चिकटते, त्यालाही कारण आहे. मराठी-हिंदी पडद्यावर नायिकेची चरित्र अभिनेत्री झाल्याची काही ठळक उदाहरणे आहेत आणि आपण त्यांवरूनच नियम बनवतो. ललिता पवार यांचे उदाहरण सर्वांत जास्त सांगितले जाते. १९४२ साली एका चित्रीकरणात मास्टर भगवान यांची थप्पड जोरात बसली, चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, डावा डोळा अधू झाला आणि नायिका संपली. अपघात खरा आहे, यातनाही खऱ्या आहेत. पण त्यावर उभारलेला निष्कर्ष तपासून घ्यावा लागतो. १९४४ च्या ‘रामशास्त्री’त त्या आनंदीबाई झाल्या. एका साम्राज्याच्या इतिहासाला वळण लावणाऱ्या स्त्रीची ती भूमिका होती. अपघातामागोमाग आलेल्या भूमिकेचा जर हा आवाका असेल, तर पुढच्या चार दशकांना ‘उरलेली कारकीर्द’ म्हणणे चुकीचे ठरते. १९६१ साली संगीत नाटक अकादमीने त्यांना गौरवले ते याच कामासाठी. थप्पडेची गोष्ट सांगणाऱ्याला त्यांची दया येते, आणि दयेच्या भरात त्यांचे काम बघायचेच राहून जाते.

यामागे व्यवसायाची रचनाही होती. प्रभात, बॉम्बे टॉकीज यांसारख्या संस्थांत नट पगारावर होते. दुसऱ्या महायुद्धानंतर त्या संस्था मोडकळीला आल्या, नायक-नायिका चित्रपटागणिक मोबदला ठरवू लागले आणि त्यांचे भाव वाढत गेले. ज्याचे नाव मोठे त्याच्यावर तिकीटबारीचा भार, आणि दोन-तीन चित्रपट पडले की तो नायक मागे पडे. सहकलाकाराचे गणित वेगळे होते. तो एकाच वेळी अनेक चित्रपटांत असे, वेळेवर येई, पाठांतर चोख असे, आणि एका चित्रपटाच्या अपयशाने त्याचे नाव बुडत नसे. चाळीस वर्षांची कारकीर्द या रचनेत शक्य होती, नायकाला ती क्वचितच शक्य होती. म्हणून कारकिर्दीची लांबी हीसुद्धा पुरावा म्हणून धरली पाहिजे. डेव्हिड यांच्या काळात किती नायक आले आणि गेले!

दुसरी पायरी : ‘बूट पॉलिश’मधला जॉन चाचा

मुख्य पुरावा १९५४ चा ‘बूट पॉलिश’ हा आहे. राज कपूर यांची निर्मिती, प्रकाश अरोरा यांचे दिग्दर्शन, रतनकुमार आणि बेबी नाझ ही दोन मुले. आई-बाप नसलेली ही भावंडे कमला चाचीच्या हाती पडतात आणि ती त्यांना भीक मागायला लावते. वस्तीतला जॉन चाचा त्यांना सांगतो, भीक मागू नका, काम करा. आणि ती बूट पॉलिशकडे वळतात. जॉन चाचा स्वतः चोरून दारू विकणारा आहे. त्यासाठी तो तुरुंगात जातो आणि मुले उघडी पडतात.

या चित्रपटाचे नाते इटलीतल्या नववास्तववादाशी लावले जाते आणि ते बरोबर आहे. व्हित्तोरिओ दे सीका यांचा ‘शिऊशा’ १९४६ चा, तोही बूट पॉलिश करणाऱ्या दोन मुलांचा. १९५२ साली मुंबईत भरलेल्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात दे सीकांचा ‘बायसिकल थीव्ज’ दाखवला गेला आणि इथल्या दिग्दर्शकांवर त्याचा खोल परिणाम झाला. पण दोन चित्रपटांतला एक फरक आपण पुरेसा लक्षात घेत नाही. दे सीका रस्त्यावरची, अभिनय न शिकलेली माणसे निवडत आणि मुलांना मोठ्यांच्या जगात जवळजवळ एकटी सोडत. ‘शिऊशा’त मुलांच्या बाजूने ठामपणे उभा राहणारा, त्यांना रोज भेटणारा जॉन चाचा नाही. ‘बूट पॉलिश’ने मात्र चित्रपटाचे सगळे नैतिक वजन एका व्यावसायिक सहकलाकाराच्या खांद्यावर टाकले. आपल्याकडचा वास्तववाद अनोळखी चेहऱ्यांवर उभा राहिला नाही, तो अनुभवी सहकलाकारांवर उभा राहिला. भारतीय वास्तववादाच्या चर्चेत दिग्दर्शक येतात, छायालेखक येतात, इटलीचा प्रभाव येतो, ही एवढी गोष्ट मात्र येत नाही.

आता भूमिका जवळून पाहू. जॉन चाचा उपदेश करतो, आणि उपदेशाचे संवाद कुठल्याही नटाला गोत्यात आणतात, कारण प्रेक्षक लगेच सावध होतो. डेव्हिड त्यातून वाचतात ते स्वतःच्या पात्राचा दोष न लपवल्यामुळे. दारू विकणारा माणूस कष्टाची भाकर शिकवतो आहे, ही विसंगती ते झाकत नाहीत; मुलांना सांगतो ते आपल्याला जमले नाही, हे त्यांच्या चेहऱ्यावर सतत असते. म्हणून तो उपदेश वरून येत नाही, शेजारून येतो. तुरुंगातल्या, मन्ना डे यांच्या आवाजातल्या गाण्यात ते आपले टक्कल आणि बुटकेपणा मोकळेपणाने खेळवतात आणि चित्रपटातली सर्वांत हसरी जागा नेमकी सर्वांत बंदिस्त ठिकाणी निर्माण करतात. मुलांबरोबरच्या प्रसंगांत ते कधी पुढे सरसावत नाहीत. नाझचा चेहरा दिसत राहावा म्हणून स्वतः किंचित बाजूला होतात. १९५५ साली कान महोत्सवात नाझचा खास उल्लेख झाला. त्या यशात तिच्यासमोर उभ्या असलेल्या नटाचा वाटा होता, असे मी मानतो. फिल्मफेअरने सहकलाकारांसाठी वेगळे पारितोषिक सुरू केले ते त्याच वर्षी, आणि पुरुषांतले पहिले पारितोषिक डेव्हिड यांनाच, याच भूमिकेसाठी मिळाले. स्त्रियांतले उषा किरण यांना मिळाले. म्हणजे हा वर्ग पहिल्यांदा स्वतंत्रपणे मानला गेला तेव्हा मंचावर दोन्ही जागी मराठी भाषक होते.

तिसरी पायरी : पुनरावृत्ती हे साधन आहे

‘सगळीकडे तोच काका’ या आक्षेपाकडे वळू. त्यात तथ्य एवढेच की डेव्हिड पडद्यावर आले की प्रेक्षकाला त्यांची आधीच ओळख असे. पण ही ओळख म्हणजे सहकलाकाराची साठवलेली पुंजी आहे. नायकाला पात्र उभे करायला दीड-दोन तास मिळतात. डेव्हिड यांना दोन प्रसंग मिळत. ते प्रसंग फळायचे तर प्रेक्षकाने पहिल्या क्षणी विश्वास टाकायला हवा, आणि तो विश्वास मागच्या वीस चित्रपटांतून येतो. महत्त्वाचा प्रश्न एवढाच की त्या विश्वासाचे नट पुढे काय करतो.

हृषीकेश मुखर्जी यांच्या ‘अभिमान’मध्ये (१९७३) डेव्हिड संगीताचे जाणकार ब्रिजेश्वरलाल आहेत. लग्नाच्या समारंभात नवरा-बायको गातात, सगळे आनंदात असतात, आणि हा वृद्ध माणूस शेजाऱ्याजवळ चिंता बोलून दाखवतो : बायकोची प्रतिभा नवऱ्याहून मोठी आहे, आणि हे त्याला झेपेल का? संपूर्ण चित्रपटाची शोकांतिका इथे, अर्ध्या मिनिटात मांडली जाते. कटू स्वभावाच्या नटाने हे वाक्य म्हटले असते तर ते हेवेखोर वाटले असते. डेव्हिड यांच्या तोंडून ते दुःखाने आलेले भाकीत होते, कारण हा माणूस कुणाचे वाईट चिंतीत नाही हे प्रेक्षकाला वर्षानुवर्षे ठाऊक आहे. ‘गोलमाल’मध्ये (१९७९) तीच पुंजी उलट्या दिशेने खर्च होते. डॉ. केदार हे सज्जन गृहस्थ नायकाला नोकरीसाठी सोंग घ्यायला शिकवतात. नोकरी देणाऱ्या भवानी शंकरला काय आवडते, काय नाही, याची सगळी माहिती तेच पुरवतात. खोटेपणाची सुरुवात सर्वांत विश्वासार्ह चेहऱ्याकडून होते, म्हणून प्रेक्षक त्या खोटेपणाचा आनंदाने भागीदार होतो. त्याच वर्षी बासू चॅटर्जींच्या ‘बातों बातों में’त ते वांद्र्याच्या ख्रिस्ती वस्तीतले अंकल टॉम आहेत, लोकलच्या डब्यातून भाचीचे लग्न जुळवणारे. तीन चित्रपट, तोच प्रेमळ चेहरा, आणि तीन पूर्ण वेगळी कामे.

ललिता पवार यांनी हेच दुसऱ्या टोकाने सिद्ध केले. १९५५ या एकाच वर्षी त्या ‘श्री ४२०’मध्ये फुटपाथवर केळी विकणारी, परक्या पोराला माया लावणारी गंगामाई होत्या आणि ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मध्ये पुरुषांचा तिटकारा करणारी श्रीमंत सीतादेवी. ‘अनाडी’तली (१९५९) मिसेस डिसा वरून करडी, आतून हळवी, त्या भूमिकेला फिल्मफेअर मिळाले. बारा वर्षांनी मुखर्जींनी ‘आनंद’मध्ये त्यांना रुग्णालयाची मेट्रन केले आणि आडनाव पुन्हा डिसाच ठेवले. दिग्दर्शक प्रेक्षकाच्या आठवणीवर जाणीवपूर्वक बांधकाम करत होता, याहून स्पष्ट खूण कोणती हवी? ‘प्रोफेसर’मध्ये (१९६२) तर त्यांच्या कडक मावशीला म्हाताऱ्याच्या वेशातल्या नायकाबद्दल ओढ वाटू लागते. विनोदी चित्रपटाच्या मध्यावर एका प्रौढ स्त्रीच्या एकाकीपणाला जागा करून देण्याचे ते धाडस त्यांच्या ठरीव करडेपणामुळेच पेलले.

इथेच ‘शहर और सपना’ (१९६३) आठवावा लागतो. मुंबईत घर मिळत नाही म्हणून एक जोडपे मोठ्या पाइपात संसार थाटते, हा अब्बास यांच्या चित्रपटाचा विषय. त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे राष्ट्रपती सुवर्णपदक मिळाले. घरांच्या याच टंचाईने पुढे कल्याण-डोंबिवली फुगत गेली, तेव्हा हा चित्रपट आपल्या भागाचा पूर्वेतिहासही आहे. नायक-नायिका नवखे होते. शेजार उभा केला तो नाना पळशीकर, मनमोहन कृष्ण आणि डेव्हिड यांनी, आणि त्या शेजाराशिवाय तिथे शहरही उरत नाही आणि स्वप्नही. पळशीकरांना या चित्रपटासाठी फिल्मफेअर मिळाले, त्याआधी बी. आर. चोप्रांच्या ‘कानून’साठीही (१९६०) मिळाले होते. ‘कानून’मध्ये एकही गाणे नाही. गाण्यांचा आधार काढून घेतल्यावर चित्रपट कोण पेलतो, हे त्यातल्या निरपराध चोराच्या भूमिकेने दाखवून दिले.

चौथी पायरी : तीन आक्षेप

पहिला आक्षेप असा : डेव्हिड यांच्या ख्रिस्ती, पारशी भूमिका हे अल्पसंख्याकांचे साचे आहेत. दारू, टोपी, मोडकी हिंदी आणि सोन्यासारखे मन. हा आक्षेप मी अर्धा मान्य करतो. जॉन चाचा दारू विकतो हा योगायोग नाही. हिंदी चित्रपटाला ख्रिस्ती पात्र आणि बाटली यांची जोडी सोयीची वाटत आली. पण साचा लेखकाने दिलेला असतो, आणि त्यात नट काय ओततो याची नोंद वेगळी करावी लागते. ज्या काळात चित्रपटांत मुंबईचा ज्यू, ख्रिस्ती, पारशी शेजारी फक्त हसण्यापुरता येई, त्या काळात एका मराठी ज्यू नटाने जॉन, टॉम, पारशी रुस्तम, केदार आणि ब्रिजेश्वरलाल यांना सारखीच प्रतिष्ठा दिली. नायकांनी उभ्या केलेल्या मुंबईत एवढे समाज नाहीत.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे आणि तो स्त्रियांचा आहे. चरित्र भूमिकांचा गौरव करताना आपण एका अन्यायावर पांघरूण घालत नाही का? लीला चिटणीस १९३९-४१ या काळात ‘कंगन’, ‘बंधन’, ‘झूला’च्या आघाडीच्या नायिका होत्या, १९४८ च्या ‘शहीद’मध्ये, चाळिशीच्या उंबरठ्यावर, त्या दिलीपकुमारच्या आई झाल्या. ‘सुजाता’त (१९५९) नूतनला वाढवणाऱ्या आईच्या भूमिकेतल्या सुलोचना नूतनपेक्षा अवघ्या आठ वर्षांनी मोठ्या होत्या. हा अन्याय होता, आणि माझ्या युक्तिवादाने तो कमी होत नाही. मात्र अन्यायाने दिलेले काम हलके असते असे मानले, तर आपण त्या स्त्रियांवर दुसऱ्यांदा अन्याय करतो. शिवाय सुलोचनांचा पुरावा आणखी काही सांगतो. त्याच काळात मराठीत ‘वहिनींच्या बांगड्या’, ‘मोलकरीण’, ‘एकटी’ या चित्रपटांच्या त्या केंद्रस्थानी होत्या. तोच चेहरा, तीच ताकद. एका बाजारात मध्यवर्ती, दुसऱ्यात आई. यावरून दुय्यमपणा अभिनयात नसून बाजाराच्या वाटणीत असतो, हे माझे मूळ म्हणणेच पक्के होते.

तिसरा आक्षेप : श्रेय दिग्दर्शकाचे आहे, मुखर्जींनी वापरले म्हणून डेव्हिड दिसले. पण अरोरा, अब्बास, मुखर्जी, चॅटर्जी या चौघांच्या शैलींत फारसे साम्य नाही. ज्या गोष्टी या चौघांकडेही टिकून आहेत, म्हणजे स्वतःला मागे ठेवण्याची शिस्त, उपदेशातला ओशाळेपणा, शेजारच्या नटाला मिळालेली मोकळीक, त्या नटाच्या आहेत असेच म्हणावे लागते.

पाचवी पायरी : स्मृती कशाने पुसली जाते

इटलीत टीना पिका नावाची नेपल्सची नटी होती. १९५३ च्या ‘ब्रेड, लव्ह अँड ड्रीम्स’मध्ये दे सीकांनी रंगवलेल्या पात्राच्या घरातली फटकळ मोलकरीण तिने केली तेव्हा ती सत्तरीला टेकली होती. लोकांना ती एवढी आवडली की पुढच्या काही वर्षांत आजीबाईची मध्यवर्ती भूमिका तिच्यासाठी असलेले चित्रपट निघाले, एकाच्या तर नावातच ‘पिका’ आले. आपल्याकडे असे झाले नाही. डेव्हिड यांना १९६९ साली पद्मश्री मिळाली, रसिकांचे प्रेम मिळाले, पण नाव शहराला चिकटले नाही.

याला कारण ठाण्याच्या इतिहासात आहे. टेंभी नाक्याजवळचे शार हाशामाइम हे सिनेगॉग १८७९ चे. त्याभोवतीचा बेने इस्रायली समाज मराठी बोलणारा, मराठी सण-रीती जवळून जाणणारा होता. १९४८ नंतर त्यातली बरीच कुटुंबे इस्रायलला गेली, काही इतर देशांत. डेव्हिड स्वतः अखेरीस कॅनडात, टोरांटोला वारले. नायकाची आठवण पोस्टर आणि गाणी जपतात. सहकलाकाराची आठवण त्याच्या गावाने आणि समाजाने जपायची असते. समाज पांगला आणि गाव वाढता वाढता अनोळखी झाले. आज ठाण्यात घोडबंदर रस्त्यावर मालिकांची चित्रीकरणे चालतात, आणि डोंबिवली, कल्याणहून लोकलने, रिक्षाने तिथे पोहोचणारे बहुतेक नट काका, मावशी, शेजारी, वकील, डॉक्टर यांच्याच भूमिका करतात. त्यांना त्यांच्या पेशाचा पूर्वज ठाण्यातच जन्मला होता, हे माहीत असण्याचा हक्क आहे.

म्हणून ठाण्यातल्या आणि डोंबिवलीतल्या चित्रपट व नाट्यसंस्थांना माझी विनंती आहे. ‘बूट पॉलिश’, ‘शहर और सपना’, ‘अभिमान’, ‘गोलमाल’ आणि ‘बातों बातों में’ हे पाच चित्रपट ओळीने, डेव्हिड यांच्या नावाने दाखवा. आणि महापालिकेने टेंभी नाक्याच्या परिसरात त्यांच्या नावाचा फलक लावावा, त्यावर ‘सहकलाकार’ हा शब्द ठळक अक्षरांत असावा.